आर्ट डायरेक्शन आणि कॅमेरा दोन्ही एकट्याने, जमतं का हो कुणाला?

ओढ्याकाठचा, सातारा

नमस्कार मंडळी. बरेच दिवस नुसता वाचत बसतो, आज विचारायची वेळ आलीय. थोडं लांबेल, सांभाळून घ्या.

मी साताऱ्याचा. एटीडी म्हणजे चित्रकला शिक्षकाचा डिप्लोमा केला पण शाळेत नोकरी काय मिळाली नाही, मग मंडळांचे देखावे, लग्नाची स्टेजं असं करत करत कॅमेऱ्यात शिरलो. लग्नं शूट केली, शॉर्टफिल्म केल्या, एका फीचरला सेकंड कॅमेरा होतो. मधे वाईकडं एका सिरियलचं युनिट होतं तिथं आठ महिने आर्टला असिस्टंट, म्हणजे खिळे ठोकण्यापासून अभिनेत्रीच्या हातातला चहाचा कप कुठल्या बाजूला होता ते लक्षात ठेवण्यापर्यंत सगळं.

आता पुण्याचा एक मित्र पहिला पिक्चर करतोय. गोष्ट १९६७ सालची, पाटण तालुक्यातलं एक घर, ११ डिसेंबरची पहाट म्हणजे कोयनेचा भूकंप, त्याच्या आदल्या संध्याकाळपासून पहाटेपर्यंत काय काय होतं ते. धरणाच्या कॉलनीत दिवे चमकतायत आणि वरच्या वाडीत कंदील, असं सगळं. शूटिंग १९ दिवस, त्यातले ११ नाईट. युनिट सगळं मिळून २५-२६ माणसं. तो म्हणतो आर्ट पण तूच कर आणि डीओपी म्हणजे मुख्य कॅमेरावाला पण तूच, तुला दोन्ही येतंय, उगाच दोघांची भांडणं नकोत, लुक एका डोक्यातून येईल. मला ऐकायला लई भारी वाटलं, खोटं कशाला बोलू. रात्रभर झोप नाही आली.

पैसे दोन्हीचे मिळून १ लाख ६० हजार देतो म्हणतोय. आर्टचं बजेट सव्वातीन लाख, कॅमेरा-लाईटचं भाडं वेगळं. घर मिळालंय जावळीच्या बाजूला, जुनं, कडीपाटाचं, माजघर-पडवी-परसू सगळं शाबूत. फक्त माजघराच्या भिंती गुलाबी ऑइलपेंटच्या आहेत आणि घरमालकाची अट आहे की भिंतीला काही कायमचं लावायचं नाही.

तर प्रश्न असा की हे असं दोन्ही कुणी केलंय का, आणि केलं असेल तर नक्की कुठं फाटतं?


लाईटवाला दादा, कराड

फाटतं ते झोपेत फाटतं भावा.

मी ३० वर्षं लाईट मारतोय, मुंबईत पण आणि हिकडं पण. तुझ्यासारखं दोन्ही करणारा एक जण बघितलाय, नाव सांगत नाही, माणूस हुशार होता, डोळा लई भारी. पण तू तुझं शेड्यूल नीट बघ. ११ नाईट. संध्याकाळी ६ ला शिफ्ट, सकाळी ६ ला पॅकअप, म्हणजे कॅमेरावाला दिवसा झोपणार. आणि आर्टवाला दिवसा काम करणार, कारण सुतार, पेंटर, प्रॉपर्टीचा टेम्पो हे सगळे दिवसाच येतात. आता तू एकटाच दोन्ही. सकाळी ६ ला पॅकअप करून अंथरुणावर पडलास की ९ वाजता सुतार दारात उभा, साहेब ती खिडकी कुठं बसवायची. चौथ्या दिवशी तुला फोकस गेलेला पण दिसणार नाही.

आर्टचं काम कायम उद्याचं असतं, कॅमेऱ्याचं आत्ताचं. तो जो मी बघितला ना, तो शॉट चालू असताना मॉनिटरकडं बघायचा आणि डोक्यात उद्याची चूल. एकदा तर हिरोइनच्या मागं खुंटीला कुणीतरी हेल्मेट अडकवलेलं, तीन टेक झाले तरी ह्याला दिसलं नाही. वेगळा आर्टवाला असता तर तो फक्त तेच बघत बसला असता.

करायचंच असेल तर आर्टचं सगळं शूटिंगच्या आधी संपव आणि सेटवर आर्टला दुसरा माणूस ठेव. आणि सलग ११ नाईट लावू देऊ नको, तीन नाईटनंतर एक दिवस सुट्टी माग. डायरेक्टर नाही म्हणला तर त्याला म्हणावं तूच ये सुताराशी बोलायला.


वाईकर

पगार एकाचा आणि शिव्या दोघांच्या हाहा.

सिरियस बोलायचं तर वाईजवळच्या मेणवलीचा नदीघाट घेऊ नका कुठंही, घर जावळीत असलं तरी डायरेक्टरला शेवटी नदीचा शॉट लागतोच आणि मग सगळे तिथंच जातात. स्वदेस २००४ ला आला, गंगाजल, ओंकारा हिकडंच, आता माणूस पडद्यावर तो घाट बघितला की गोष्ट सोडून अरे हे तर मेणवली म्हणतो. आणि स्वदेसला पण कॅमेरा महेश अणे आणि आर्ट नितीन देसाई, दोन वेगळी माणसं होती बरं का. अण्यांना त्या कॅमेऱ्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.


पडदेवाला, सांगली

ओढ्याकाठचे, तुमचं वाचून मला माझे दिवस आठवले. वय झालं आता, पण ४० वर्षं नाटकांचे पडदे आणि फ्लॅट, म्हणजे चौकटीवरच्या कापडी भिंती, रंगवल्यात, सांगलीत राहून दुसरं करणार काय, विष्णुदास भाव्यांनी १८४३ ला सीतास्वयंवर नाटक केलं तेव्हापासून ह्या गावाला हेच वेड आहे.

तुमचा मित्र म्हणतो लुक एका डोक्यातून येईल, ते खोटं नाही. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर बघा, मूळचे नाटकाचे पडदे रंगवणारे, पिक्चर काढायचा म्हणून कॅमेरा स्वतः बनवला, सेट स्वतः, पोस्टर स्वतः, डायरेक्शन स्वतः. सैरंध्री १९२० चा. पण गंमत अशी की त्यांच्याच हाताखाली तयार झालेली मंडळी १९२९ ला बाहेर पडली आणि प्रभात फिल्म कंपनी काढली तेव्हा त्यांनी कामं वाटून घेतली. फत्तेलाल आर्टला, धायबर कॅमेऱ्याला, दामले आवाजाला. सगळ्यांना सगळं येत होतं तरी. ह्याच्यातून काय घ्यायचं ते तुम्ही घ्या.

आता गुलाबी भिंतीचं. ऑइलपेंटवर माती-शेण लावू नका, धरत नाही, वाळलं की पापुद्रे निघतात आणि मालक बोंबलतो. मांजरपाट घ्या, धुतलेला, न धुता घेतला तर नंतर आकसतो. वर तुळईच्या खाली एक पट्टी आणि खाली जमिनीलगत एक पट्टी, दोन्हींना कापड ताणून ठोकायचं, भिंतीला एक खिळा नाही. मग सरस आणि खडूच्या पावडरीचा एक हात. तो वाळला की चाळलेली माती, लाकडाचा बारीक भुसा आणि सरस कालवून हातानं लावायचं, ब्रश नको, बाया भिंत सारवतात तसं अर्धगोल हात फिरवायचा. फेविकॉल वापरलंत तरी चालेल, सरसाला वास येतो आणि माशा बसतात. जिथं नट पाठ टेकणार तिथं कापडामागं प्लाय द्या, नाहीतर म्हातारा टेकून बसला आणि भिंत आत गेली असं होतं. आमच्या एका नाटकात झालंय, प्रेक्षक हसले ते हसलेच.

आणि नीळ. त्या काळी चुन्यात नीळ घालायचे हे तुम्हाला माहीत असेलच, तसंच करावंसं वाटेल, कारण ते खरं आहे. मी पण केलं होतं. गोष्ट सांगतो. भावे नाट्यमंदिरात एका संस्थेचा प्रयोग, मी रात्री ट्यूबलाईटखाली बसून घराच्या सगळ्या फ्लॅटना निळीचा चुना मारला, पांढराशुभ्र, माझं मलाच कौतुक. दुसऱ्या दिवशी प्रयोगाला संध्याकाळचा सीन, लाईटवाल्यानं दिव्यावर अंबर म्हणजे पिवळट-नारंगी जिलेटीन लावलं आणि माझी भिंत राखेसारखी झाली. अगदी मेल्यासारखी. अंबर उजेडात निळं उरतच नाही हो, ते मरतं. मध्यंतरात पिवडी म्हणजे पिवळी माती पाण्यात कालवून पोतेऱ्यानं पुसली तेव्हा कुठं घर वाटायला लागलं. तेव्हापासून मी रंग कालवताना शेजारी तोच दिवा ठेवतो ज्याच्यात तो दिसणार आहे. तुमचा पिक्चर कंदिलाचा आहे, म्हणून सांगितलं.

इथं मात्र तुमचा फायदा आहे. भिंत कालवणारा आणि दिवा ठरवणारा एकच माणूस.


मिरजेची, सध्या मुंबई

मी आर्ट करते, आधी सहाय्यक आणि आता चार वर्षं स्वतंत्र. काकांनी सगळं छान सांगितलंय पण मला थोडं वेगळं म्हणायचंय, राग मानू नका.

"दोघांची भांडणं नकोत" हे वाक्य मला खटकलं. भांडणं हवीत की! डीओपी मला म्हणतो ही भिंत दोन फूट मागं घे मला लेन्स मिळत नाही, मी म्हणते मागं घेतली तर ते गरिबाचं घर राहत नाही, हॉल होतो. ह्या ओढाताणीतनंच काहीतरी चांगलं निघतं. सत्यजित रायांच्या अपराजितो पिक्चरचं उदाहरण आमच्यात सगळे देतात आणि ते देण्यासारखंच आहे. बनारसच्या घराचं अंगण स्टुडिओत उभं करायचं ठरलं, आर्टला बन्सी चंद्रगुप्त, कॅमेऱ्याला सुब्रत मित्र. सुब्रत मित्र म्हणाले की वरून मोकळ्या आभाळाचा जो बिनसावलीचा उजेड अंगणात येतो तो स्टुडिओत आणता येणार नाही, सेट नको. त्यांचं ऐकलं नाही, सेट झालाच, मग त्यांना काहीतरी शोधणं भाग पडलं. त्यांनी सेटवर पांढरं कापड ताणलं आणि दिवे खालून त्या कापडावर मारले, तो परतून आलेला उजेड आभाळासारखा पडला. १९५६ ची गोष्ट आहे ही. आता समजा सेट करणारे पण सुब्रत मित्रच असते तर? त्यांनी आधीच नाही म्हटलं असतं आणि विषय संपला असता. एकाच डोक्यात दोन्ही असलं की माणूस स्वतःला अवघड प्रश्न घालत नाही, मला जेवढं लाईट करता येतं तेवढाच सेट मी बांधणार.

बाकी व्यवहाराचं. दोन कामं म्हणजे दोन करार करा, एकात घालू नका. मुंबईत दोन्हीच्या असोसिएशन वेगळ्या, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटला (एफटीआयआय) दोन्हीचे कोर्स वेगळे, एवढं सगळं उगाच नाही वेगळं ठेवलेलं. टायटलला पण दोन पाट्या वेगळ्या मागा, एका पाटीवर दोन्ही लिहिलं की लोक समजतात घरगुती काम आहे. आणि १ लाख ६० मध्ये तुम्ही प्रेपचे, म्हणजे शूटिंगआधीच्या तयारीचे दिवस धरलेत का? १९ दिवस शूटिंगचे आहेत, पण आर्टला आधी किमान तीन आठवडे जाणार, त्याचे पैसे कोण देणार? मला एका निर्मात्यानं "प्रेप म्हणजे काय, घरी बसूनच तर स्केचेस करता" असं तोंडावर सांगितलं होतं.

सेटवर स्टँडबाय आर्टचा माणूस पाहिजेच, ह्यात तडजोड नाही. त्याच्या हातात फोन द्या, प्रत्येक सीन संपला की फोटो, कुठली घागर कुठं, कंदिलाची वात केवढी.


ओढ्याकाठचा, सातारा

बापरे, एवढं सगळं एका दिवसात. सगळ्यांचे आभार.

दादा, झोपेचं गणित मी खरंच मांडलं नव्हतं. वाचून घाम फुटला.

ताई, भांडणाचं पटलं पण आणि नाही पण. आमच्याकडं वेगळा आर्टवाला घ्यायचा म्हटलं तर ह्या बजेटमध्ये जो येईल तो मला हवी तशी भिंत देणार नाही, पडेल ते बाजारातनं भाड्यानं आणून लावेल. तेव्हा भांडण होणार पण त्यातनं काही निघणार नाही, नुसतंच भांडण. प्रेपचे पैसे मात्र मी धरले नव्हते, हे शंभर टक्के खरं.

काका, काल संध्याकाळी मांजरपाट आणला. आता एक टेक्निकल विचारतो, कंदिलावर एक्सपोजर कुणी केलंय का, खऱ्या ज्योतीवर? का आत एलईडी बसवू?


लाईटवाला दादा, कराड

दोन्ही कर. खरा कंदील फ्रेममध्ये आणि कामाचा उजेड दुसरीकडनं.

ज्योतीचा रंग म्हणजे १९०० केल्विनच्या आसपास, नेहमीचा पिवळा दिवा ३२००, आकडा जितका कमी तितका उजेड नारंगी. कॅमेरा ३२०० वर ठेव म्हणजे ज्योत नारंगी राहील. काही शहाणे व्हाइट बॅलन्स ज्योतीवरच लावतात, मग ज्योत पांढरी होते आणि सगळा खेळ खलास. कॅमेऱ्याला दोन नेटिव्ह आयएसओ असतील तर वरचा वापर, लेन्स फास्ट म्हणजे जास्त उजेड घेणारी घे, एफ दोनच्या आतली. तरीपण कंदिलाची काच जळते, पांढरा गोळा दिसतो. त्याला जुनी युक्ती आहे, कॅमेऱ्याकडच्या बाजूनं काचेला आतनं हलकी काजळी धरायची, मेणबत्तीवर धरली तरी धरते, आणि नटाकडची बाजू स्वच्छ ठेवायची. कॅमेऱ्याला ज्योत दबून दिसते आणि नटाच्या तोंडावर पूर्ण पडते. कमी पडलं तर कंदिलाच्या पाठीमागं छोटा बल्ब लपव, डिमरवर, फुल सीटीओ म्हणजे नारंगी जिलेटीन लावून. डिमर सारखा हलवू नको, सिरियलमध्ये हलवतात तसा, ज्योत एवढी थरथरत नाही, दार उघडलं तरच हलते.

२४ फ्रेमवर असशील तर शटर १७२.८ अंशावर ठेव, म्हणजे एक्सपोजर सेकंदाचा पन्नासावा भाग होतं आणि आपल्या ५० सायकलच्या लाईटीत फ्लिकर, म्हणजे लुकलुक, येत नाही. कॉलनीचे दिवे लांबनं दाखवणार आहेस ना, तिथं लागेल.

नटाला भिंतीपासून लांब बसव. चार फूट तरी. भिंतीला चिकटून बसला की तोंड आणि भिंत सारखंच उजळतं. हे बघ, हेच आर्टचं आणि कॅमेऱ्याचं एकत्र काम आहे, बाज कुठं टाकायची ते ठरलं की निम्मं लायटिंग ठरलं.


वाईकर

भिंतीवर कालनिर्णय लावू नका, ते १९७३ ला सुरू झालं. मी एका शॉर्टफिल्ममध्ये १९६५ च्या घरात बघितलंय, वर तारीख पण चालू सालाची. पंचांग ठेवा फडताळात. आणि छपरावरची डिश, नळाचा प्लास्टिक पाइप, शेजारच्या भिंतीवरचं मीटर, हे तीन हमखास राहतात, रेकीला म्हणजे जागा बघायला जाताना फक्त ह्या तीन गोष्टी शोधायला एक माणूस न्या. डालडाचा डबा चालेल, त्यात तुळस लावलेली असली तर अजूनच चालेल.


पडदेवाला, सांगली

पंचांगावरून आठवलं. तुमचा मित्र पहाटेच्या सीनला खिडकीतून निळं चांदणं मागेल, लिहून ठेवा, सगळे मागतात. पण तो मार्गशीर्षाचा शुक्ल पक्ष होता, पौर्णिमा १६ तारखेला. म्हणजे ११ ला नवमी-दशमीच्या आसपासचा चंद्र, तो पहाटे दोनच्या सुमारास मावळतो. भूकंप पहाटे चारनंतर झाला. त्या वेळी बाहेर मिट्ट काळोख, नुसत्या चांदण्या. संध्याकाळच्या आणि रात्रीच्या सीनला खुशाल चांदणं घ्या, पहाटेला नको. प्रेक्षकाला कळणार नाही म्हणाल, पाटणातल्या म्हाताऱ्यांना कळेल.


मिरजेची, सध्या मुंबई

काका हे जबरदस्त आहे. आणि आता मला माझंच म्हणणं थोडं मागं घ्यावं लागतंय, कारण मी आर्टमध्ये असते तर पंचांग बघून फडताळात ठेवलं असतं, आणि डीओपीनं त्याच खिडकीतून निळा लाईट मारला असता आणि मला वाटलं असतं तो त्याचा प्रांत आहे, आपण कशाला बोला. थोडंच मागं घेतेय हां.


ओढ्याकाठचा, सातारा

तीन आठवड्यांनी येतोय. बरंच झालं मधे.

आधी पैशाचं. दोन करार करा म्हणून अडून बसलो. मित्र तोंड पाडून बसला दोन दिवस, मग २ लाख १० हजारांवर आला, त्यात प्रेप धरलंय, निम्मे आधी. आणि स्टँडबाय आर्टला माझ्याबरोबर एटीडी केलेला एक जण घेतला, तो शाळेत शिक्षक आहे, सुट्टी काढून येतोय, वहीत फळ्यावर लिहिल्यासारख्या नोंदी करतो. तीन नाईटनंतर एक सुट्टी हे पण मान्य झालं, त्यामुळं १९ चे २१ दिवस झाले आणि प्रॉडक्शनवाला माझ्याशी बोलत नाही.

मग टेस्ट. माजघराच्या एका भिंतीवर मांजरपाट ताणला, निम्म्यावर निळीचा चुना, निम्म्यावर पिवडीचा हलका हात दिलेला. दिवसा बघितलं तर निळीची बाजू इतकी खरी, मला माझ्या आजीचं घर आठवलं. रात्री कंदील लावला, कॅमेरा ३२०० वर, मॉनिटर बघितला आणि काका, अगदी तुम्ही म्हणालात तशीच राख. पिवडीची बाजू मात्र तोंडासारखी उबदार. पण खरं सांगू का, मला ती राखेची बाजू पहाटेला पाहिजे असं वाटायला लागलंय. म्हणजे चुलीकडची भिंत पिवडीची आणि दाराकडची निळीची, आणि भूकंपाआधी आई दाराकडं जाते तेव्हा तिच्यामागचं घर मेल्यासारखं होतं. मित्राला अजून सांगितलं नाही, तो म्हणेल सिम्बॉलिझम करतोय.

आता खरी अडचण. घरमालकाची आजी आहे तिथंच, ऐंशीच्या पुढची, भूकंप झाला तेव्हा लग्न होऊन आली होती म्हणते. टेस्ट चालू असताना खाटेवर बसून सगळं बघत होती. एकदम म्हणाली, "आरं, रातभर एवढा मोठा कंदील कोण ठेवतंय? राकेल काय फुकट यायचं का?" झोपताना वात बारीक करून कंदील कोपऱ्यात सारायचे, नुसता ठिपका उरायचा. मी आर्टवाला म्हणून लगेच वहीत लिहिलं आणि कॅमेरावाला म्हणून डोक्याला हात लावला, कारण पहाटेचा सगळा सीनच त्या कंदिलावर लावलाय. तेवढ्यात ताईंची आठवण आली, भांडण पाहिजे म्हणाल्या होत्या, तर हे झालं सुरू, माझं माझ्याशीच. दोन दिवस चाललं. आर्टवाला म्हणतोय ठिपका, कॅमेरावाला म्हणतोय मग रेडिओवर लाव पिक्चर.

सुटलं ते पण आजीमुळंच. परत गेलो आणि विचारलं, पहाटे उठायचा तेव्हा? म्हणाली, दळायला उठायचं चारला, वात वाढवायची, कंदील जात्यापाशी न्यायचा. म्हणजे आधी ठिपका, सगळे झोपलेले, जवळजवळ काळी फ्रेम. मग आई उठते, वात वाढवते, उजेड खालून वर चढतो, जात्याची घरघर सुरू होते. आणि त्या घरघरीत पहिला गडगडाट कुणाला ऐकूच येत नाही, जातंच फिरतंय असं वाटतं, कोपऱ्यातली उतरंड कलंडते तेव्हा कळतं. स्क्रिप्टमध्ये जातं नव्हतंच. मित्राला फोनवर सांगितलं तर तो बराच वेळ गप्प, मग म्हणाला लिहून पाठव.

त्यामुळं आता मला काम वाढलंय. जातं आजीकडंच आहे, परसात उलटं पडलंय, खुंटा नवा बसवावा लागेल. मडक्यांची उतरंड मात्र पाच-सहा टेकला फुटणार म्हणून कुंभाराला ४० मडकी सांगितलीत, जुनी दिसायला चुलीच्या धुरात ठेवणार.

आणि एक विनंती. जुन्या कंदिलाच्या काचा पाहिजेत, आताच्या नव्या काचा फार स्वच्छ आणि पातळ येतात, जुन्यांमध्ये बारीक बुडबुडे असायचे, ज्योत त्यातनं किंचित वाकडी दिसते. साताऱ्यात राजवाड्याच्या बाजूला, पोवई नाक्यावर सगळीकडं फिरलो, नाही मिळाल्या. कुणाकडं असतील तर सांगा, भाडं देऊ.


लाईटवाला दादा, कराड

वात वाढवतानाच्या शॉटला डिमर आईच्या हाताबरोबर चढवायला लागंल, ते दुसऱ्या कुणाला देऊ नको. मी येतो त्या दोन रात्री. जेवण चांगलं पाहिजे फक्त.


पडदेवाला, सांगली

माझ्याकडं माळ्यावर चार काचा आहेत, एकीला चीर आहे पण ती बाजू कॅमेऱ्याच्या उलटी ठेवता येईल. भाडं नको. बुधवारी सकाळी भावे नाट्यमंदिरापाशी या, येताना ती पिवडीची भिंत रंगवलीत त्याचा एक तुकडा कापून आणा, मला हात कसा फिरलाय ते बघायचंय.